चेहरा माझा, आवाज आनसेल्मोचा

मी, मुकुंद नारायण सबनीस, वय एकोणऐंशी, मूळ गाव मिरज, सध्या राहणार स्टॅनमोर, व्यवसाय आधी क्ष-किरण तंत्रज्ञ आणि नंतर स्पॅनिश चित्रपटांतला विनोदी नट, आज पूर्ण शुद्धीत, कोणाचेही दडपण नसताना आणि सकाळचा चहा पोटात असताना हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहीत आहे. यापूर्वी केलेले मृत्युपत्र याद्वारे रद्द समजावे.

माझी बुद्धी शाबूत असल्याचा दाखला आमच्या सर्जरीतल्या, म्हणजे इथल्या दवाखान्यातल्या, डॉ. वैभवी यांनी दिला असून तो सोबत जोडला आहे. त्यांनी मला सध्याचे पंतप्रधान कोण, असा प्रश्न विचारला. "सकाळपासून बातम्या पाहिल्या नाहीत," असे मी सांगितले. हे उत्तर त्यांनी बरोबर धरले.

सॉलिसिटरांचा सल्ला इंग्रजीत लिहा असा होता. त्यांनी खुशाल अधिकृत भाषांतर करून जोडावे. भाषांतरात हसण्याच्या जागा निसटतात. मला त्याची सवय आहे.

कलम पहिले. आम्हां उभयतांना मूलबाळ नाही. माझी पत्नी डॉ. प्रमोदिनी २०१६ साली वारली. तिच्या धाकट्या बहिणीची मुलगी अनुया हिला मी या मृत्युपत्राची व्यवस्थापक नेमतो आणि राहते घर आतल्या सामानासह तिला देतो. प्रमोदिनी गेल्यावर मी मँचेस्टर सोडून इथे आलो तो अनुया दोन गल्ल्या पलीकडे राहते म्हणून. ती रोज फोन करून "काका, हीटिंग लावलंत का?" असे विचारते. मी लावलेले नसते आणि लावले म्हणून सांगतो. हे तिला ठाऊक आहे.

कलम दुसरे. बँकेतल्या बचतीचे दोन समान भाग करावेत. एक अनुयाची मुलगी अक्षरा हिला. दुसरा मिरजेला, जिथे मी क्ष-किरणांचे शिक्षण घेतले तिथल्या विद्यार्थ्यांच्या वसतिगृहाला. तिथली गादी इतकी पातळ होती की परदेशात कुठेही झोप लागू लागली. गाद्या मात्र बदलाव्यात.

कलम तिसरे. माझी रंगभूषेची पेटी, तिच्यातल्या सर्व मिशा, नाटकी स्टेथोस्कोप आणि माझ्या कवटीचा एक एक्स-रे अक्षराला द्यावा. या वस्तू कुठून आल्या हे तिने मला गेल्या नाताळात विचारले होते. तेव्हा पाहुणे होते, सांगायचे राहिले. ते इथे लिहितो.

१९७२च्या उन्हाळ्यात मँचेस्टरच्या इस्पितळातले आम्ही काही सहकारी सुट्टीसाठी दक्षिण स्पेनमध्ये आल्मेरियाला गेलो. लग्नाला दोन वर्षे झाली होती. प्रमोदिनीला भूलशास्त्राच्या परीक्षेमुळे येता आले नाही. आल्मेरियाजवळच्या उजाड माळावर तेव्हा घोडे आणि पिस्तुले यांच्या चित्रपटांची चित्रीकरणे चालत. आम्ही बघ्यांच्या गर्दीत उभे होतो. गावच्या डॉक्टरचे काम करणारा नट आदल्या दिवशीच्या दारूने आडवा झाला होता, आणि दिग्दर्शक कारवाहाल डोक्याला हात लावून बसले होते. त्यांची नजर माझ्या चेहऱ्याकडे गेली आणि तिथेच राहिली.

माझा चेहरा लांब आहे. कान सुटे आहेत. भुवया कायम कोणाची तरी वाट पाहत असल्यासारख्या वर असतात. मिरजेत मला शाळेत यावरून मार बसायचा, कारण मास्तरांना वाटे मी प्रश्न विचारतोय.

काम सोपे होते: खेचरावरून यायचे, उतरायचे, दारातून आत जायचे. मला काळा कोट आणि हा स्टेथोस्कोप दिला. खेचर अर्ध्या वाटेत थांबले. मला स्पॅनिश येत नव्हते आणि खेचराला इंग्रजी. मी त्याच्या कानाशी वाकून अत्यंत गंभीरपणे मराठीत म्हणालो, "बाबा रे, माझी काही तुझ्यावर बळजबरी नाही. पण सगळे बघतायत."

त्याने विचार केला आणि मला खाली टाकले. मी उठलो, कोट झटकला, त्याला नमस्कार केला आणि पायी आत गेलो. कॅमेरा चालूच होता. बाहेर आलो तर सगळा ताफा पोट धरून बसला होता आणि मला कळेना की काय झाले.

मँचेस्टरला परतल्यावर डोके दुखत होते म्हणून आमच्याच विभागात एका मित्राने कवटीचा एक्स-रे काढला. फट वगैरे नव्हती. मी ती फिल्म उजेडासमोर बराच वेळ धरून पाहिली. लोक नेमके कशाला हसले, हे हाडात कुठे दिसते का, याचे मला कुतूहल होते. कवटी अगदी गंभीर निघाली. अक्षराने पुन्हा एकदा पाहावे. नव्या नजरेला सापडेल.

कलम चौथे. प्रमोदिनीची पुस्तके आणि तिची खिडकीतली खुर्ची अनुयाने कोणालाही न देता स्वतःकडे ठेवावी.

कारवाहालांचे पत्र आले तेव्हा याच खुर्चीत बसून प्रमोदिनीने ते दोनदा वाचले. त्यांना माझ्यावर एक अख्खे पात्र बेतायचे होते: खेड्यात येऊन पडलेला परदेशी डॉक्टर. नाव डॉक्टर बेंगाला. मी मिरजेचा, बंगालशी माझा संबंध रसगुल्ल्यापुरता. पण त्यांच्या भाषेत बेंगाला म्हणजे फुलबाजी, आणि ते त्यांना गमतीचे वाटले.

"सहा महिने जा," प्रमोदिनी म्हणाली. "हौस फिटली की या."

"आणि नाही फिटली तर?"

"तर मला कळेल की ती हौस नव्हती."

मी पुढची वीसहून अधिक वर्षे हिवाळा मँचेस्टरमध्ये आणि उन्हाळा स्पेनमध्ये काढला. ती माणसांना झोपवायची, मी जागे ठेवायचो. आमच्या संसाराबद्दल लोकांनी खूप काळजी केली. आम्हांला तेवढी करावी लागली नाही.

कलम पाचवे. माझा चुलतभाऊ राजीव, राहणार हॅरो, याला खोट्या महाराजाच्या भूमिकेतला माझा जरीचा फेटा द्यावा. राजीवने सन १९७४ पासून समस्त मराठी मंडळींना "मुकुंदा स्पेनमध्ये मोठ्या इस्पितळात एक्स-रे काढतो" असे सांगितले. गणपतीत एका बाईंनी मला गुडघ्याचा सल्ला विचारला तेव्हा हे उघडकीला आले. मी जाब विचारला तर म्हणाला, "अरे, नट म्हटलं असतं तरी चाललं असतं. पण *विनोदी*?" फेटा डोक्याला लहान होईल. तसाच घालावा.

कलम सहावे. डॉक्टर बेंगालाचे दिवाणखान्यातले भित्तिपत्रक आनसेल्मो रुआनो याची मुलगी निएवेस, राहणार वायादोलिद, स्पेन, हिला पाठवावे. पत्रकावर तिच्या वडिलांचे नाव नाही. कोणत्याच पत्रकावर नाही. म्हणून तो कोण हे मी इथे नोंदवून ठेवतो.

पहिल्या चित्रपटासाठी मी स्पॅनिश संवाद देवनागरीत लिहून पाठ केले होते आणि मनापासून म्हटले होते. माद्रिदला पहिल्या खेळाला मी प्रेक्षकांत बसलो. पडद्यावर माझा चेहरा आला, त्याने तोंड उघडले, आणि त्यातून दुसराच माणूस बोलला. जाड, ओलसर, दुखावलेला आवाज. जणू बिशपच्या पायावर कोणी पाय दिला आहे. थिएटर कोसळले. मी माझ्या गळ्याला हात लावून पाहिला.

"हा कोण?" मी कारवाहालांना विचारले.

"आनसेल्मो. इथे सगळ्यांचेच आवाज नंतर भरतात. आणि रागावू नका, पण तुमचं स्पॅनिश ऐकून माझी आई रडली असती."

राग आला होता. पण त्याहून जास्त, मला तो माणूस बघायचा होता. दुसऱ्या दिवशी ध्वनिमुद्रणाच्या स्टुडिओत गेलो. अंधारात पडद्यासमोर विणलेले जाकीट घातलेला एक बारका, टक्कल पडलेला माणूस कुठल्याशा दरोडेखोरासाठी मरत होता. मेल्यावर तो थर्मासमधले गरम पाणी प्यायला, माझ्याजवळ आला आणि नमस्कारचमत्कार न करता माझ्या तोंडाकडे निरखून पाहू लागला.

"तुम्ही बोलताना डावीकडचा ओठ आधी उचलता," तो म्हणाला. "मला फार त्रास होतो."

"मग उचलू नको का?"

"छे! तिथेच तर ते हसतात. म्हणजे मला वाटतं, मी तिथे श्वास घेतो म्हणून हसतात. तुम्हांला काय वाटतं?"

या प्रश्नावर आमची तीस वर्षांची मैत्री झाली. लोक चेहऱ्याला हसतात की आवाजाला? एकदा आम्ही गावाबाहेरच्या थिएटरात शेजारी बसून प्रयोग केला. मी कानांत बोटे घातली, त्याने डोळे मिटले. उत्तर मिळाले नाही. मागच्या रांगेतल्या बाई जागा बदलून गेल्या.

आमच्या डॉक्टरचे एक ठरलेले वाक्य होते. रोग्याचे काहीही दुखो, तो म्हणे, "जीभ दाखवा, बाकीचं देव दाखवील." एका खाणावळीत वेटरने मला ओळखले आणि ते वाक्य म्हणायचा हट्ट धरला. मी म्हटले. त्याचा चेहरा पडला. "साहेब, घसा बसलाय का?" त्याने काळजीने विचारले. तेव्हा आनसेल्मो सूपमधून मान वर न काढता ते वाक्य म्हणाला. वेटरने ताबडतोब जीभ बाहेर काढली. मग खदखदून हसत त्याने मला मिठी मारली.

तो गेल्यावर मी विचारले, "वाईट वाटलं तुला?"

"तुला मिठी मारली तेव्हा? थोडं." आनसेल्मोने चमचा पुसला. "पण जीभ त्याने मला दाखवली."

मी मात्र मनात खुपणारी एक गोष्ट त्याला सांगितली नव्हती. प्रमोदिनी माझ्या एकाही चित्रपटाला हसली नव्हती. "माणूस मजेदार आहे," ती म्हणे, "पण हे तुम्ही नव्हेत. परक्या माणसाबरोबर कसं हसू?"

कलम सातवे. माझ्याजवळ एकाच चित्रपटाची प्रत आहे. ती फिल्मच्या संग्रहालयाला द्यायची होती, पण त्यांनी नको म्हटले, म्हणून अनुयाने ठेवावी.

हा १९९३ सालचा, कारवाहालांचा शेवटचा. मी तेव्हा सत्तेचाळीसचा होतो, डॉक्टर बेंगालाचा कंटाळा लोकांना यायला लागला होता आणि मला त्याआधीच आला होता. कारवाहालांनी मला एका विधुर औषधविक्रेत्याचे काम दिले, जो परक्या भाषेत गिऱ्हाइकांशी बोलतो आणि घरी आल्यावर कोणाशीच नाही. "या खेपेला तुम्हीच बोला," ते म्हणाले. चित्रीकरणातच आवाज घेतला. मी मोडके, प्रामाणिक स्पॅनिश बोललो.

निर्माता ते ऐकून हबकला. लोक स्वीकारणार नाहीत, जुना आवाजच घाला, असा त्याने हुकूम काढला. आनसेल्मोला बोलावले. त्याला त्या वेळी कामाची निकड होती. पत्नी आजारी होती आणि नवी तरुण पोरे आवाज देऊ लागली होती. मी त्या दिवशी काचेमागे बसलो होतो. त्याच्या पोटावर पाय येईल असे मी काहीही बोलणार नव्हतो. तो नेहमीच्या जागी उभा राहिला. पडद्यावर मी दुकान बंद करत होतो आणि एका म्हातारीला गोळ्या कशा घ्यायच्या ते समजावत होतो. पहिल्या खेपेला तो बोलला नाही. दुसऱ्या खेपेलाही नाही.

"काय झालं?" निर्माता ओरडला.

आनसेल्मोने कानांवरचे हेडफोन काढले. "हा माणूस बोलतोय की," तो म्हणाला. "मी मध्ये कशाला बोलू?"

"तुला पैसे त्याचेच मिळतात!"

"गप्प माणसांसाठी मिळतात," आनसेल्मो म्हणाला आणि थर्मास उचलून निघून गेला. त्या निर्मात्याने त्याला पुन्हा कधीही बोलावले नाही.

चित्रपट माझ्याच आवाजात लागला. प्रेक्षक हसायच्या तयारीने आले होते. पहिल्या वाक्यालाच कुजबुज सुरू झाली. मध्यंतरापूर्वी काही जण उठून गेले. प्रमोदिनी माझ्या शेजारी होती, रजा काढून आली होती. पडद्यावर मी एका गिऱ्हाइकासमोर खोकल्याचे लिंग चुकलो, सुधारायला गेलो आणि आणखी चुकलो. स्पॅनिशमध्ये दोनच लिंगे आहेत. तिसऱ्याची सवय असलेल्या माणसाचे फार हाल होतात. थिएटर शांत होते. आणि त्या शांततेत एक बाई हसली. आधी दबून, मग पदर तोंडात धरून, मग न आवरून. पुढच्या रांगेतले लोक वळून पाहू लागले.

"अहो," ती डोळे पुसत म्हणाली, "अहो, हे तर तुम्ही!"

चित्रपट आठवड्यात उतरला. मी त्यानंतर किरकोळ कामे केली आणि पुढे मँचेस्टरला कायमचा परतलो. विचाराल तर, मी ज्याला यश म्हणतो ते तेवढेच, आणि ते एका रांगेत मावले.

कलम आठवे. आता ज्या कारणासाठी हे मृत्युपत्र नव्याने करावे लागले ते.

गेल्या वर्षी अक्षरा मँचेस्टरच्या कॉलेजातून सुट्टीला आली तीच फोन नाचवत. डॉक्टर बेंगालाचे जुने तुकडे स्पेनमधल्या तरुण पोरांत पुन्हा फिरू लागले होते. तिने मला एक लावून दाखवला.

"आजोबा, हे तुम्ही? पण हा आवाज तुमची नाही!"

"तुमचा," अनुयाने सुधारले. "आवाज तुमचा."

"तेच सांगते ना मम्मी, त्यांचा नाहीच आहे!"

त्यानंतर काही महिन्यांनी बार्सिलोनाच्या एका कंपनीचे विचारणा करणारे ईमेल आले. त्यांना डॉक्टर बेंगालाचा नवा चित्रपट काढायचा आहे. नट नको, संगणक पुरे. माझा तरुण चेहरा आणि आनसेल्मोचा आवाज जुन्या फितींवरून शिकून घेऊन तो कधीही न बोललेली वाक्ये बोलतील. माझ्या हयातीत माझी संमती, नंतर वारसांची.

माझी पहिली भावना, लाजत नाही सांगायला, कुतूहलाची होती. तो चेहरा माझ्याशिवाय काय करील? मीच जागचा हललो नाही तरी माझी भुवई हलेल? पण चेहरा माझा असला तरी आवाज माझा नव्हता, म्हणून मी निएवेसला फोन केला.

आमची भेट एकदाच झालेली, २००४ साली, आनसेल्मोच्या अंत्यविधीला. मला पाहताच तिथले लोक पोरीला सोडून माझेच सांत्वन करू लागले होते, आणि मी मान खाली घालून प्रत्येकाला तिच्याकडे वळवत होतो. आता ती पन्नाशीची आहे, शाळेत शिकवते.

"मलाही ईमेल आलंय," ती म्हणाली. "तुम्ही काय ठरवलंत?"

"तुला विचारून ठरवणार. तुझ्या वडिलांचा आवाज आहे."

ती म्हणाली, "तुम्हांला एक माहीत नसेल. बाबा घरी बोलत नसत. गळा जपायचे. जेवताना खुणा करायचे, रागावले तर बोट दाखवायचे. त्यांचा आवाज मी थिएटरात ऐकला, तुमच्या तोंडून. मी लहान होते. मला वाटायचं, बाबा कामावर गेले की तुमच्यासारखे दिसतात."

माझ्या हातातला फोन गरम झाला होता. मी विचारले, "मग या कंपनीला काय सांगू? त्याने काही नवीन बोलावं असं वाटतं तुला?"

"वाटतं," ती म्हणाली. "आणि भीती वाटते. कधी एक वाटतं, कधी दुसरं."

"मलाही तसंच."

सॉलिसिटरांनी चौकशी करून सांगितले की स्पेनच्या कायद्यानुसार, मृत्यूनंतर आपल्या प्रतिमेची राखण कोणी करावी याचे नाव मृत्युपत्रात घालता येते. मी ही गोष्ट अनुयाला सांगितली तेव्हा ती दुखावली, आणि तिचे काही चुकले नव्हते.

"काका, घर मला, खुर्ची मला. आणि फेस बाहेरच्या माणसाला? आम्ही फॅमिली आहोत ना?"

"आहात," मी म्हणालो. "पण तुम्ही मला म्हातारा पाहिलंत, अनुया. तो दुसरा चेहरा त्या मुलीच्या घरात वाढला. तिच्याकडे वडिलांचा आवाज आहे, आणि तो ठेवायला जागा नाही."

ती उठून चहा ठेवायला गेली. बऱ्याच वेळाने स्वयंपाकघरातूनच म्हणाली, "हीटिंग लावलंत का?" मी खरे उत्तर दिले.

तरी मी, मुकुंद नारायण सबनीस, चित्रफितींत असलेल्या माझ्या चेहऱ्याचा, मुद्रेचा, चालण्याचा आणि खेचरावरून पडण्याचा जो काही हक्क मला आहे, तो सर्वस्वी निएवेस रुआनो हिच्या हवाली करतो. कंपनीला मी माझ्या हयातीत उत्तर दिलेले नाही, देणार नाही. नंतर हो म्हणायचे की नाही, हे तिने एकटीने ठरवावे. हवे तर कधीच ठरवू नये. तिने एखादा जुना चित्रपट नुसता घरी लावून पाहिला तरी तो या दानाचा पूर्ण उपयोग समजावा.

कलम नववे. उरलेल्या, म्हणजे सध्याच्या चेहऱ्याचे बाकी देहासह विद्युतदाहिनीत दहन करावे. भाषणे नकोत. राजीवने बोलायचा आग्रह धरल्यास त्याला अडवू नये. कलम पाचवे अमलात आणून मग बोलू द्यावे.

वरील सर्व मजकूर मी स्वतः लिहिला, स्वतः मोठ्याने वाचून पाहिला आणि तो मला मान्य आहे. खालील दोन्ही साक्षीदार या क्षणी माझ्यासमोर बसले आहेत. दोघांनाही या मृत्युपत्रातून काही मिळणार नाही, बिस्किटे सोडून. शेजारच्या मार्गारेटबाईंना मराठी येत नाही आणि साक्षीदाराला ती यावी अशी कायद्याची अट नाही. तरी त्यांनी आत्ताच विचारले की यात काय लिहिले आहे. मी म्हणालो, बहुतेक घरातलेच. आणि माझा चेहरा मी एका मित्राच्या मुलीला दिला आहे. त्यांनी चष्मा लावला, माझ्याकडे अगदी सावकाश, एका कानापासून दुसऱ्या कानापर्यंत पाहून घेतले आणि म्हणाल्या, "मग ती नशीबवान आहे." आणि पेन मागितले.

सही: मु. ना. सबनीस

साक्षीदार:
१. मार्गारेट हॉलोवे, निवृत्त शिक्षिका, शेजारी
२. विनय करमरकर, औषधविक्रेता (खरा)

स्थळ: स्टॅनमोर
दिनांक: १४ ऑक्टोबर २०२५